चहारबाग आखायची कशी: पाट, हौद, सर्व (सायप्रस) आणि त्यांचे अर्थ

चहारबाग, म्हणजे पाटांनी चार भाग केलेली इराणी बाग, कागदावर काढायला दोन रेघा पुरतात, एक उभी आणि एक आडवी. पण त्या रेघा म्हणजे पाण्याचे पाट आहेत, आणि बाग बिघडते ती बहुतेक वेळा हे विसरल्यामुळे. इराणच्या पठारावर पाऊस थोडा. डोंगराच्या पायथ्याचं भूजल 'कनात' नावाच्या भुयारी पाटाने (तंबूची कनात वेगळी) कित्येक किलोमीटर नुसत्या उताराने आणायचं, उजेडात काढायचं आणि पाळीपाळीने वाटायचं. त्या वाटणीतून हा आराखडा आला. स्वर्गातल्या नद्या, चार दिशा, चार तत्त्वं हे अर्थ त्यावर चढत गेले आणि टिकले, कारण खालचा पाण्याचा हिशेब पक्का होता. म्हणून क्रम असा ठेवा: आधी पाणी, मग भिंत, मग पाट आणि हौद, मग वाफे. झाडं सगळ्यात शेवटी.

खालची मापं १२ मीटर रुंद आणि १८ मीटर लांब जागेसाठी आहेत. जागा लहान-मोठी असेल तर लांबी-रुंदी त्या प्रमाणात बदला. पाटाची खोली, उंबऱ्याची उंची आणि काठाची लेव्हल मात्र तशीच ठेवा, ती मापं पाण्याच्या वागण्यावरून ठरतात.

चार कशाचे

या आकड्यामागे एकच अर्थ शोधू नये. थर वेगवेगळ्या काळातले आहेत, आणि कुठला आधीचा, कुठला नंतरचा हे कळलं की आखणीत काय सोडता येतं आणि काय सोडता येत नाही हेही कळतं.

सगळ्यात जुना धागा पासारगादचा. इ.स.पू. ६व्या शतकात इराणचा सम्राट सायरसने तिथे राजवाडे बांधले. १९६१ ते ६३ या काळात पुरातत्त्वज्ञ डेव्हिड स्ट्रोनाख यांनी केलेल्या उत्खननात बागेचे दगडी पाट सापडले, ठराविक अंतरावर छोटी चौकोनी कुंडं असलेले. या पाटांच्या रेषांवरून मांडणी चार भागांची असावी असा अंदाज बांधला गेला. याच सायरसने बॅबिलॉन घेतल्यावर कोरवलेल्या मातीच्या दंडगोलावर स्वतःला 'चारही दिशांचा राजा' म्हणवून घेतलं आहे. ही पदवी मेसोपोटेमियातली, त्याच्याही आधीची. मधोमध उभं राहिलं की चारही बाजूंना आपली जमीन, हा अर्थ राजाचा.

दुसरा थर जरथुष्ट्री. आकाश, पृथ्वी, पाणी आणि वनस्पती ही चार तत्त्वं. युनेस्कोने २०११ मध्ये नऊ इराणी बागा एकत्र जागतिक वारसा यादीत घेतल्या, तेव्हा चार भागांचा अर्थ सांगताना याच चौघांचा उल्लेख केला. यातलं आकाश बागेत आणायचं तर ते फक्त हौदातच येतं. हे ध्यानात ठेवा, पुढे हौदाची लेव्हल लावताना याचा उपयोग आहे.

तिसरा थर धर्मग्रंथांचा. उत्पत्तीच्या पुस्तकात एदेनमधून निघालेली नदी चार फाट्यांत वाहते. कुराणातल्या ४७व्या सूरेत (अध्यायात) जन्नतमध्ये पाणी, दूध, मद्य आणि मध यांच्या नद्या आहेत, आणि ५५व्या सूरेत आधी दोन बागा, मग आणखी दोन. चारचा हिशेब इथेही जुळतो. पण पासारगाद कुराणाच्या हजार वर्षांहून अधिक आधीचं आहे. त्यामुळे 'कुराणातल्या चार नद्या म्हणून चार पाट' असं सरसकट लिहिलेलं वाचलं तर तिथे थांबावं. सफवी काळातल्या (१६वं ते १८वं शतक) इस्फहानच्या माळ्याच्या मनात त्या नद्या नक्की होत्या, पाट मात्र त्याच्या कितीतरी आधीपासून वाहत होते.

नावातही हाच क्रम आहे. अवेस्ता या जरथुष्ट्री धर्मग्रंथाच्या भाषेतला 'पइरिदएज़' म्हणजे चहूबाजूंनी भिंत घातलेली जागा. ग्रीकांनी त्याचं 'पारादेइसोस' केलं. हिब्रू धर्मग्रंथाचं ग्रीक भाषांतर झालं तेव्हा एदेनच्या बागेसाठी हाच शब्द वापरला गेला, आणि तिथून युरोपातल्या भाषांमध्ये तो स्वर्गाचा शब्द झाला. फारसीतला 'फिर्दौस' त्याच घरातला. स्वर्गाला हे नाव बागेवरून मिळालं आहे.

आणखी एक गैरसमज इथेच काढू. मुघल मकबऱ्यांच्या बागा पाहिलेल्याला चार सारखे चौकोन आणि बरोबर मध्यभागी इमारत हाच नियम वाटतो. इराणात तसं बंधन नाही. काशानच्या फीन बागेत मंडप मध्यावर आहे. केरमानजवळ माहान इथल्या शाहजादे बागेत मात्र एकच लांब उतरता अक्ष आहे, राहायची इमारत वरच्या टोकाला आणि दरवाजा खालच्या. खाली आम्ही आडवा पाट वरून एक तृतीयांशावर घेतला आहे. त्याने वरचे दोन भाग चौरस होतात आणि खालचे दोन त्यांच्या दुप्पट लांब. हे का, ते बसायच्या जागेपाशी आल्यावर दिसेल.

भिंत आणि आखणी

भिंत हा बागेचा पहिला अर्थ आहे, शब्दातच ती आहे. कोरडा वारा, धूळ आणि गुरं बाहेर राहावीत म्हणून जुन्या बागांना मातीच्या उंच भिंती असत, वरून भुसा कालवलेल्या मातीचा 'काहगिल' गिलावा. १२ मीटर रुंदीच्या बागेला २ ते अडीच मीटर उंची पुरते. त्याहून उंच केली तर भिंतीलगतच्या वाफ्यांना ऊन मिळत नाही. भरीव भिंतीवरून वारा उसळून आत भोवरे घालतो, म्हणून जुन्या बागांत भिंतीलगत आतून उंच झाडांची रांग असे. ती वाऱ्याचा जोर मोडते. जागा लहान असेल तर रांग फक्त वाऱ्याच्या बाजूला लावा.

आखणीला घाई करू नका. ग्रीक लेखक झेनोफनने लिहून ठेवलं आहे की धाकट्या सायरसने (हा इराणी राजपुत्र, पासारगादचा सायरस वेगळा) सार्दिसची आपली बाग स्पार्टाच्या लायसँडरला दाखवली, तेव्हा झाडांच्या सरळ रांगा, सारखी अंतरं आणि नेमके काटकोन पाहून पाहुणा थक्क झाला. सायरसचा अभिमान असा की ही मापं आपण स्वतः घेतली आणि काही झाडं स्वतः लावली.

चार कोपऱ्यांना खुंट्या ठोका आणि दोरी ताणा. कोपरा काटकोनात आहे का ते ३-४-५ ने तपासा: एका बाजूवर ३ मीटर, दुसऱ्या बाजूवर ४ मीटर, त्या खुणांमधलं अंतर बरोबर ५ मीटर यायला हवं. मग दोन्ही कर्ण मोजा. १२ बाय १८ च्या आयताचा कर्ण २१.६३ मीटर. दोन कर्णांत ३ सेंटीमीटरपेक्षा जास्त फरक आला तर फक्की मारू नका, खुंट्या हलवा. हा फरक आज दिसत नाही. पाटाकाठी झाडांची रांग उभी राहिली की ती पाटापासून सरकत गेलेली दिसते, आणि तेव्हा इलाज नसतो.

१२ मीटरच्या बाजूच्या मध्यातून उभा अक्ष. आडवा अक्ष वरच्या टोकापासून ६ मीटरवर. उभा पाट ४० सेंटीमीटर रुंद, आडवा ३०. दोन्हींच्या दोन्ही बाजूंना ९० सेंटीमीटरच्या वाटा, आणि भिंतीच्या आतून चहूकडे तेवढीच एक वाट. उरतात ते वाफे: वरचे दोन साधारण ४ बाय ४, खालचे दोन ४ बाय १०. हौदाकडचा प्रत्येक वाफ्याचा कोपरा चौकोनी १.२ मीटर आत घ्या, नाहीतर हौदाभोवती चालायला जागा राहत नाही. हे कापून सुमारे १०५ चौरस मीटर लागवड मिळते, म्हणजे एकूण जागेच्या निम्म्याच्या आसपास. लोकांना हे फार कमी वाटतं आणि ते वाटा अरुंद करतात. तसं करू नका. दोन माणसांना शेजारी चालता आलं नाही तर पाटाकाठची वाट नुसती मेंटेनन्सची पट्टी होते.

पाट: उतार कुठे द्यायचा

सगळ्यात जास्त चुका इथे होतात. 'पाणी वाहायला उतार हवा' म्हणून पाटाच्या तळालाच उतार दिला जातो. २०० ला १ हा उतार डोळ्यांना सपाट वाटतो, पण ४० सेंटीमीटरच्या पाटात सेकंदाला १ लिटर पाणी सोडलं (तासाला ३,६०० लिटर, लहान पंप एवढंच देतो) तर ते जेमतेम १ सेंटीमीटर खोलीने घसरत जातं. सांडलेल्या पाण्यासारखं दिसतं. १० सेंटीमीटर भरून वाहायला या पाटाला त्याच्या कित्येक पट पाणी लागेल.

उपाय जुना आहे. तळ पूर्ण सपाट, आणि उतार पायऱ्यांमध्ये. प्रत्येक टप्प्याच्या शेवटी १० सेंटीमीटर उंचीचा दगडी उंबरा घाला. पाणी उंबऱ्यापर्यंत भरून उभं राहतं, त्यावरून सव्वा सेंटीमीटरचा पडदा होऊन पुढच्या टप्प्यात पडतं. बाग दिवसभर भरलेली दिसते आणि आवाजही मिळतो. आमच्या मापात वरचा टप्पा हौदात ५ सेंटीमीटरने पडतो. हौदाचं पाणी काठावरून ३ सेंटीमीटर खाली सांडतं, आणि खालचा पाट १२ मीटरच्या खुणेवर आणखी ५ सेंटीमीटर उतरतो. झाले १३ सेंटीमीटर. वरच्या तोटीखाली ५ धरले तर १८. म्हणजे १८ मीटरला १८ सेंटीमीटर, एवढा उतार सपाट वाटणाऱ्या जमिनीतही निघतो.

वाटेला मात्र पायऱ्या नकोत, ठेच लागते. तिला सलग उतार द्या. त्यामुळे प्रत्येक टप्प्याच्या वरच्या टोकाला पाणी वाटेपासून ७ सेंटीमीटर खाली दिसेल आणि खालच्या टोकाला ३. चालताना पाणी पावलाजवळ येत जातं, मग उंबऱ्यावरून पडून पुन्हा दूर जातं.

पडण्याची उंची म्हणजे आवाज. ५ सेंटीमीटरला कुजबूज, १५ ला बोलणं ऐकू येण्यात अडथळा. माहानला भरपूर उतार आहे म्हणून तिथे धबधब्यांची मालिकाच आहे, लहान बागेत त्याची नक्कल करू नये. दोन टप्प्यांत तिरपी शिळा बसवायची असेल तर तिच्यावर खवल्यांची नक्षी कोरतात. फारसीत तिला 'सीने-कबकी' म्हणतात, म्हणजे चकोराची छाती. पाणी त्या खवल्यांवर फुटतं, पांढरं होतं, आणि थोडं पाणी पुष्कळ दिसतं. खवले खालून वर, प्रवाहाला आडवे येतील असे बसवा. उलटे बसवले तर पाणी नुसतं घसरतं.

पाट विटांचा किंवा काँक्रीटचा असला तरी दर ४ ते ५ मीटरवर लवचीक सांधा सोडा आणि खाली जलरोधक पट्टा घाला. सलग ओतलेला पाट पहिल्याच उन्हाळ्यात तडकतो, आणि गळती वाटेखाली जाऊन फरशा खचतात.

हौद

हौद २.४ मीटर चौरस, ४० सेंटीमीटर खोल, जिथे पाट छेदतात तिथे. अष्टकोनी केला तरी चालेल. चौकोन पृथ्वीचा, वर्तुळ आकाशाचं, आणि अष्टकोन त्या दोघांमधला, असा अर्थ लावला जातो. आठ हा आकडा इराणी परंपरेत स्वर्गाच्या आठ भागांचाही आहे. इस्फहानच्या १६६९ सालच्या महालाचं नावच 'हश्त बेहेश्त', आठ स्वर्ग.

इराणी हौद काठोकाठ भरलेला असतो. भोवती एक उथळ पन्हळ असते, तिला 'पाशूये' म्हणतात, पाय धुवायची जागा. हौदाचं पाणी चारही काठांवरून त्यात झिरपतं आणि तिथून पाटांत जातं. पाणी काठाच्या खाली राहिलं की हौद खड्डा दिसतो आणि त्यात भिंतीची सावली पडते. काठोकाठ भरला की काठ नाहीसा होतो आणि आकाश वाटेच्या पातळीवर येतं. चार तत्त्वांतलं आकाश बागेत येतं ते असं.

यासाठी काठाची लेव्हल काटेकोर लागते. किती, ते पाहा. चारही काठ मिळून ९.६ मीटर. त्यावरून सेकंदाला १ लिटर सांडताना पाण्याचा थर असतो दीड मिलिमीटर. म्हणजे एका बाजूचा काठ ३ मिलिमीटर खाली गेला की सगळं पाणी तिथूनच जातं आणि उरलेले तीन काठ कोरडे पडतात. हाताची पाणसळ एवढं पकडत नाही. पारदर्शक नळीत पाणी भरून चारही कोपरे आणि चारही मध्य अशा आठ जागा तपासा, नळीत हवेचा बुडबुडा नाही हे पाहून. काठाचे दगड ओल्या चुन्यात बसवल्यावर लगेच हौद भरून बघा. त्या दिवशी दगड दाबून दुरुस्ती होते, आठवड्याने छिन्नी घ्यावी लागते.

तळाचा रंग दोन प्रकारे ठरवतात. फीनच्या पाटांना फिरोजी फरशा आहेत. उथळ पाणीही त्यात खोल वाटतं, प्रत्येक लहर दिसते. प्रतिबिंब हवं असेल तर तळ गडद घ्या, कारण खालून परतणारा उजेड कमी झाला की पृष्ठभाग आरसा होतो. पाटांना फिरोजी आणि हौदाला काळसर, अशी जोडी मला सगळ्यात योग्य वाटते.

कारंजं आणि आरसा एका हौदात एकाच वेळी नांदत नाहीत. थेंब पडला की प्रतिबिंब मोडलं. इस्फहानच्या चेहेल सुतून महालाला लाकडी खांब २० आहेत, समोरच्या लांब हौदात पडलेले २० धरून नावातले ४० पुरे होतात, अशी त्याची ओळख सांगतात. तिथे पाणी स्थिर असण्यालाच अर्थ आहे. कारंजं हवंच तर उंची ४० ते ६० सेंटीमीटरच्या आत ठेवा. तोटीपासून काठापर्यंत १.२ मीटर अंतर आहे, उंच धार वाऱ्याने वाटेवर उडते आणि वाट शेवाळते. फीनची कारंजी पंपाशिवाय उडतात. झऱ्याचं पाणी बागेच्या वरच्या अंगाला साठवलेलं आहे, आणि त्या उंचीचा दाब मातीच्या नळांतून तोट्यांपर्यंत येतो.

हौदातून निघालेलं पाणी वाटायचं गणित सोपं आहे. पाशूयेतून तीन खाचा काढा, तिन्हींचा तळ एकाच पातळीवर: खालच्या पाटाकडे २० सेंटीमीटर रुंद, डावी-उजवीकडे १०-१०. तळ सारखा असला की पाणी रुंदीच्या प्रमाणात वाटलं जातं, निम्मं खाली आणि पाव-पाव बाजूंना. दगडात कोरलेल्या खाचांनी पाणी वाटायची ही रीत कनातीच्या पाण्यावर जगणाऱ्या सगळ्या गावांची.

आडव्या पाटाची दोन टोकं बंद ठेवू नका. बंद टोकात पाणी साचतं, डास होतात, आणि अर्थही जातो, कारण बागेत आलेलं पाणी बागेत संपत नसे. ते पुढे शेतमळ्यांना जाई. टोकाला वाफ्यात उघडणारी झडप द्या, आणि झडप बंद असताना पाणी परत टाकीत जाईल असा ५० मिलिमीटरचा पाइप.

बागेच्या खालच्या टोकाला पाणी गोळा होऊन पंपाने पुन्हा वर जातं, ती टाकी ५०० लिटरची घ्या. पाट आणि हौद मिळून सुमारे ३,३०० लिटर पाणी उभं असतं, पण टाकीचं माप त्यावरून ठरत नाही. पंप बंद केला की उंबऱ्यांवरचा आणि काठावरचा सगळा पडदा खाली उतरतो, दीडशे-दोनशे लिटर. तेवढी मोकळी जागा नसेल तर टाकी ओसंडते, आणि पंप सुरू करताना तेवढंच पाणी वर जाऊन पंप कोरडा पडतो. कोरड्या उन्हाळ्यात दिवसाला ६ ते ८ मिलिमीटर पाणी उडून जातं. १५ चौरस मीटर उघड्या पाण्याचे ९० ते १२० लिटर होतात. रोज तेवढी भर घालावी लागेल.

बसायची जागा

मंडप किंवा ओटा वरच्या टोकाला. पाहुणा खालच्या दारातून येतो, पाणी त्याच्या समोरून येत असतं, आणि तो उगमाकडे चढत जातो. यजमान वरून सगळी बाग बघतो. माहानला हे फार स्पष्ट कळतं.

ओटा हौदाच्या पाण्यापासून ५० सेंटीमीटर उंच ठेवा. मांडी घालून बसलेल्याचा डोळा त्यावर ७५ सेंटीमीटर, म्हणजे पाण्यापासून सव्वा मीटर. समोर १८ मीटरवर दाराची चौकट, पाण्याच्या पातळीपासून अडीच मीटर. डोळा एक पट, दार दोन पट. त्यामुळे दाराच्या माथ्याचं प्रतिबिंब अंतराच्या बरोबर एक तृतीयांशावर पडतं, ६ मीटरवर, हौदाच्या मधोमध. बसलेल्याला पाण्यात दाराचा माथा आणि त्यावरचं आकाश दिसतं. हौद निम्म्यावर, ९ मीटरवर घेतला असता तर दाराची मधली फळीच दिसली असती. ओट्याची उंची बदलणार असाल तर दाराची त्याच प्रमाणात बदला.

दार थेट अक्षावर असलं तरी आत एक छोटी देवडी हवी. बाहेरच्या उन्हातून एकदम सगळी बाग दिसण्यापेक्षा तीन पावलं अंधारात जाऊ द्या.

वाफे आणि झाडं

वाफे वाटेपेक्षा ३० सेंटीमीटर खोल. दोन कारणं. एक, पाणी भरून देता येतं: ४ बाय १० च्या वाफ्यात ५ सेंटीमीटर पाणी म्हणजे २,००० लिटर, साधारण एका हौदाएवढं. जुन्या बागांत रात्रभर आलेलं पाणी साठवून पाळीच्या वेळी असंच सोडत. दुसरं कारण डोळ्यांचं. झुडपांचे शेंडे पावलांच्या पातळीला येतात आणि बाग गालिचासारखी दिसते. उलटंही खरं आहे. इस्लामपूर्व इराणच्या सासानी राजांच्या तेसिफोन या राजधानीतल्या महालात बागेचं चित्र विणलेला प्रचंड गालिचा होता, 'बहारिस्तान'. ६३७ मध्ये शहर अरबांच्या हाती पडल्यावर तो कापून वाटला गेला.

ही रचना कोरड्या मुलखाची आहे. पावसाळी हवेत ३० सेंटीमीटरचा वाफा तळं होतो. तिथे १५ सेंटीमीटरवर थांबा आणि सगळ्यात खालच्या कोपऱ्यात ७५ मिलिमीटरचा निचरा पाइप घाला.

मुख्य पाटाकाठी 'सर्व' नावाचं झाड. मराठीतला 'सुरू' हा शब्द या 'सर्व'वरूनच आला, पण ज्याला आपण बहुधा सुरू म्हणतो ते झाड निराळं. इथे हवा तो खरा सायप्रस, उंच आणि निमुळता. तो बारा महिने हिरवा, म्हणून चिरंतनाचा. त्याला फारसीत 'आज़ाद', म्हणजे मुक्त, म्हणतात. मुक्त का? फारसी कवी सादीच्या 'गुलिस्तान' या ग्रंथात याचं उत्तर आहे: फळझाडांना ऋतू असतो, कधी बहर, कधी पानगळ. सर्वाला दोन्ही नाही, तो सदा ताजा. त्याच्या शेजारी फुलून झडणारं झाड लागतंच, बदाम किंवा डाळिंब. इराणी चित्रांत सर्वाला बिलगलेला फुललेला बदाम पुन्हा पुन्हा दिसतो. एक टिकणारं, एक जाणारं. हवामानामुळे झाड बदलावं लागलं तर बदला, ही जोडी मोडू नका. दोन्ही सदाहरित लावली तर अर्धा अर्थ गेला.

खालच्या प्रत्येक वाफ्यात पाटाच्या बाजूने ४ सर्व, अडीच मीटर अंतराने, वाटेपासून ६० सेंटीमीटर आत. समोरासमोर यायलाच हवेत. आतल्या रांगेत ३ डाळिंबं, ३ मीटर अंतराने, सर्वांच्या मधल्या जागा धरून. भिंतीकडे सव्वा मीटरवर गुल-ए-मोहम्मदी, काशानजवळच्या कमसरला ज्याचं गुलाबजल काढतात तो सुगंधी गुलाब. आपल्या 'गुलाब' शब्दाचा फारसीतला अर्थ गुलाबजलच, गुल आणि आब. खाली नर्गिस, आयरिस, आणि मोकळ्या जागी तीनपानी घास. वरचे दोन चौरस वाफे उघडे, बुटक्या फुलांचे ठेवा. तिथे झाड आलं तर ओट्यावरून हौद झाकला जातो.

सर्व मरतो तो पाण्याने. भरून दिलेल्या वाफ्यात त्याची मुळं कुजतात, शेंडा पिवळा पडेपर्यंत कळत नाही, आणि कळल्यावर झाड वाचत नाही. वाटेच्या कडेने वाफ्याच्या आत १ मीटर रुंद, २५ सेंटीमीटर उंच वरंबा घाला आणि सर्व त्यावर लावा. डाळिंब आणि गुलाब खालीच, आळं करून.

पहिलं पाणी आणि पुढे

लागवडीआधी बाग आठवडाभर कोरडी चालवा, म्हणजे फक्त पाटांत पाणी. पहिल्या दिवशी पातळीच्या खुणा करा, पंप बंद ठेवून २४ तासांनी पाहा. हौदात १ सेंटीमीटरपर्यंत घट उन्हाची धरा, त्याहून जास्त ती गळती. कुठला टप्पा गळतो ते शोधायला उंबऱ्यापाशी फळीने प्रत्येक टप्पा वेगळा तोडा.

पाटांमध्ये गाळ येतोच. पासारगादच्या त्या छोट्या कुंडांसारखं ३० सेंटीमीटर खोल कुंड पहिल्या उंबऱ्याच्या आधी ठेवलंत तर बराचसा गाळ तिथेच बसतो आणि डब्याने काढता येतो. पाट आणि कनाती उपसायच्या कामाला फारसीत 'लायरूबी' म्हणतात. वर्षातून दोनदा हौद पूर्ण रिकामा करा, मासे आधी बादलीत काढून. काठाचे सांधे तपासा, नळी लावून आठही जागांची लेव्हल पुन्हा घ्या, आणि तळाचं गढूळ पाणी गुलाबांच्या आळ्यात सोडा.